संमेलनाला दोन कोटी: घ्यायचे की परत पाठवायचे?

हिशेबनीस

मंडळी, जरा तिरकं लिहितोय, सांभाळून घ्या.

अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाला राज्य सरकार पूर्वी पन्नास लाख द्यायचं. २०२३ च्या वर्ध्याच्या संमेलनापासून त्याचे दोन कोटी झाले. चौपट! सगळ्यांनी आनंद व्यक्त केला. मला मात्र त्याच्या दोनच महिने आधीची गोष्ट आठवत होती. डिसेंबर २०२२ मध्ये, माओवादी असल्याच्या आरोपावरून तुरुंगात राहिलेल्या कोबाड गांधींच्या आत्मकथनाच्या अनुवादासाठी अनघा लेले यांना राज्याचा वाङ्मय पुरस्कार जाहीर झाला आणि आठवडाभरात शासन निर्णय काढून रद्दही झाला. निवड समितीसुद्धा बरखास्त. सरकारच्या भाषाविषयक समित्यांवरच्या काहींनी राजीनामे दिले, काही लेखकांनी स्वतःचे पुरस्कार परत केले. आणि फेब्रुवारीत वर्ध्याला दोन कोटींचा मांडव.

ज्याची खावी पोळी त्याची वाजवावी टाळी, हे आपण इतरांना ऐकवतो. स्वतःच्या पानात पोळी पडली की गप्प.

१९९९ ला मुंबईच्या संमेलनात वसंत बापट अध्यक्ष होते. अनुदानावरून वाद पेटला, बाळासाहेब ठाकऱ्यांनी संमेलनाला ‘बैलबाजार’ म्हटलं. त्या अपमानातून महाकोशाची कल्पना पुढे आली. लोकांकडून निधी जमवायचा, व्याजावर संमेलन भरवायचं, कुणाच्या दारात जायचं नाही. पुढे काय झालं ते सगळ्यांना माहीत आहे. संमेलन पोसण्याइतका तो कोश कधी भरलाच नाही.

साधं गणित मांडतो. दहा हजार वाचकांनी प्रत्येकी दोन हजार दिले की दोन कोटी होतात. जगभरच्या मराठी माणसांत असे दहा हजार निघत नसतील, तर संमेलन तीनऐवजी एका दिवसाचं करा, शाळेच्या पटांगणात करा, पिठलं-भाकरी खाऊ घाला. पण दोन कोटी परत पाठवा. यावर मतं हवी आहेत, शिव्याही चालतील.

कराडकर

शिव्या नाही देत, पण काका, तुमचं गणित बरोबर आणि उत्तर चूक.

आमच्या गावचं उदाहरण घ्या. १९७५, आणीबाणी चालू. कराडच्या संमेलनाचे स्वागताध्यक्ष कोण? यशवंतराव चव्हाण, तेव्हा केंद्रात मंत्री. अध्यक्ष दुर्गाबाई भागवत. त्याच मांडवात, मंत्र्यांच्या देखत, दुर्गाबाईंनी आणीबाणीत तुरुंगात गेलेल्या, आजारी जयप्रकाश नारायणांसाठी प्रार्थना करायला लावली. माझे वडील तेव्हा स्वयंसेवक होते, पाण्याच्या पिंपावर नेमलेले. ते सांगायचे, सगळा मांडव उभा राहिला तेव्हा हातातलं तांब्याचं भांडं खाली ठेवायचंही त्यांना सुचलं नाही. यजमान सरकारातले होते म्हणून बाईंची जीभ अडखळली का?

उलट २०१९ चं यवतमाळ बघा. इंग्रजी लेखिका नयनतारा सहगल यांना उद्घाटनाला बोलावलं, संमेलन उधळण्याच्या धमक्या आल्या, आयोजकांनी निमंत्रण मागे घेतलं. तिथे अनुदान रोखण्याची भाषा नव्हती, धमकी होती. दहा हजार वाचकांच्या वर्गणीतून संमेलन भरवलं असतं तर धमकीला उत्तर मिळालं असतं? वर्गणीदारांपैकीच पाचशे जण म्हणाले असते, “आमचे पैसे परत करा, ही बाई नको.”

आणि सरकारी पैसा म्हणजे मंत्र्याच्या घरचा पैसा नव्हे. तो माझा आहे, पेट्रोलवर भरलेला, चहापत्तीवर भरलेला. मराठी विश्वकोशाचे वीस खंड वर्गणीतून झाले असते का? १९६० ला राज्य झालं, त्याच वर्षी साहित्य संस्कृती मंडळ झालं, तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी अध्यक्ष. पुढे वाईला बसून ते काम उभं राहिलं. सरकारच्या पैशावर!

हिशेबनीस

विश्वकोश मान्य. पण दुर्गाबाईंचं उदाहरण प्रत्येक जण देतो याचाच अर्थ काय होतो? पन्नास वर्षांत दुसरं पटकन आठवत नाही.

गाळा नंबर शेवटून दुसरा

मी छोटा प्रकाशक. तत्त्वावर तुमचं चालू द्या, मी मांडवामागचं सांगतो.

एका संमेलनात (गाव सांगत नाही) मला ग्रंथप्रदर्शनात शेवटून दुसरा गाळा मिळाला. भाडं आगाऊ भरलेलं. शेजारी खमंग ढोकळ्याचा स्टॉल, त्यापलीकडे जनरेटर. पहिल्या दिवशी मंत्री येणार म्हणून आमच्या बाजूचं फाटक दुपारपर्यंत बंद. मंत्री आले, भाषण झालं, गेले, आणि त्यांच्याबरोबर निम्मी गर्दीही गेली. संध्याकाळी मी खोकी उघडून पुस्तकांवरची धूळ झटकत होतो. तीन दिवसांत गाळ्याचं भाडं निघालं, टेम्पोचं निघालं नाही.

पण! तिसऱ्या दिवशी दुपारी दोन शिक्षिका आल्या. एसटी बदलून, शंभरेक किलोमीटरवरून. पिशवीतून यादी काढली, शाळेच्या वाचनालयासाठी चाळीस पुस्तकं. एकेक पुस्तक उघडून अक्षर मुलांना वाचता येईल एवढं मोठं आहे का ते बघत होत्या. असं गिऱ्हाईक मला ऑनलाइन मिळत नाही.

म्हणून माझं मत: दोन कोटी घ्या, पण मंचावर नको, गाळ्यांवर खर्च करा. भाडं माफ करा, पुस्तकांवर सवलत द्या. भव्य कमान कमी करा. अध्यक्षांचं भाषण मी अजून एकदाही पूर्ण ऐकलेलं नाही, गाळा सोडता येत नाही ना.

मूठभर धान्य

हिशेबनीसांना दुजोरा. हे कुणी करून दाखवलं नाही असं समजू नका. विद्रोही साहित्य संमेलन १९९९ ला धारावीत सुरू झालं, बाबुराव बागूल अध्यक्ष. मूठभर धान्य आणि एक रुपया, या हाकेवर. मी स्वतः एका वर्षी वस्तीत फिरून तांदूळ गोळा केले आहेत. कुणी जाडा, कुणी बारीक, एकीने रेशनचा गहूच ओतला. सगळं एका पोत्यात. त्या पोत्याच्या भाताची चव वेगळीच लागते, कारण शिजवताना काही दाणे आधी शिजतात, काही उशिरा :)

आणि जरा मागे जा. याच संमेलनाचं मूळ असलेल्या ग्रंथकारांच्या सभेचं आमंत्रण जोतीराव फुल्यांना न्यायमूर्ती रानड्यांकडून गेलं होतं. जोतीरावांनी ‘घालमोड्या दादां’ना, म्हणजे त्या उच्चवर्णीय ग्रंथकारांना, नकाराचं काय उत्तर पाठवलं ते इथे सगळ्यांनी वाचलेलं असेल. सरकारचे दोन कोटी हा फार पुढचा प्रश्न. ज्यांच्या पैशातून दोन कोटी येतात ते मंचावर किती, हा आधीचा.

कराडकर

विद्रोहीबद्दल आदर आहे, मनापासून. पण एक रुपया आणि मूठभर धान्यावर तीन दिवस माणसं जेवू घालता येतात. त्यावर कोश होत नाही, हस्तलिखितं टिकत नाहीत, नाट्यगृह उभं राहत नाही. कोल्हापूरचं केशवराव भोसले नाट्यगृह ऑगस्ट २०२४ मध्ये जळालं, तेव्हा रडणारे हजारो होते, मीही त्यात होतो. लोकांनी मदतही देऊ केली. पण शाहू महाराजांनी उभारलेलं ते थिएटर पुन्हा बांधायचं तर कोटी लागतात. ते सरकारकडूनच येणार. तिथे ‘ज्याची पोळी’ म्हणून परत पाठवायचे का?

हिशेबनीस

इमारत वेगळी, विचारपीठ वेगळं. इमारतीला जीभ नसते.

कराडकर

नसते कशी? तारखा कोणाला द्यायच्या ते कोण ठरवतं?

बर्मिंगहॅमचा बाब्या

इकडून दोन शब्द. ब्रिटनमध्ये १९४६ पासून आर्ट्स कौन्सिल आहे. सरकार एकगठ्ठा पैसे देतं, कुणाला किती द्यायचे ते कौन्सिल ठरवते, मंत्र्याने ढवळाढवळ करायची नाही असा दंडक. भारतातून आलो तेव्हा मला हे स्वर्गासारखं वाटलं होतं.

पण आमच्या शहराची महापालिका २०२३ च्या सप्टेंबरात दिवाळखोरीत निघाली. मग दोन टप्प्यांत शहरातल्या नामांकित कलासंस्थांचं पालिकेचं अनुदान शून्यावर आणलं. कुणाचं नाटक आवडलं नाही म्हणून नव्हे, कचरा उचलायला पैसे नाहीत म्हणून. तेव्हा मंत्र्याचा हात लांब ठेवला तरी तिजोरी रिकामी होण्याचा धोका उरतोच. हिशेबनीसांची वर्गणी जोडीला हवीच, बदली म्हणून नको.

अवांतर: आमच्या इथल्या मंडळाच्या गणपतीला वर्गणी कशी गोळा होते ते मी पाहिलंय. व्हॉट्सअॅपवर सत्तर अंगठे येतात, पैसे वीस जणांचे.

ड वर्ग

मी शक्यतो लिहीत नाही, वाचतो. पण दोन कोटी हा आकडा वाचून राहवलं नाही.

मी एका खेड्यातल्या सार्वजनिक वाचनालयाचा ग्रंथपाल. सरकारच्या यादीत आमचा दर्जा ‘ड’. म्हणजे अ, ब, क, ड मधला शेवटचा. कायदा १९६७ चा. आम्हाला २०१२ पासून वर्षाला तीस हजार मिळायचे. दहा वर्षांनी, २०२२ ला, साठ टक्के वाढ झाली, अठ्ठेचाळीस हजार झाले. पेपरात मोठी बातमी आली, मला फोनवर अभिनंदनं आली. महिन्याला नव्हे बरं का. वर्षाला.

त्यातला निम्मा पगार. म्हणजे माझा. चोवीस हजार भागिले बारा, महिन्याला दोन हजार. उरलेल्या निम्म्यात पुस्तकं, दोन दैनिकं, मासिकं, वीजबिल, खोलीचं भाडं, ऑडिट. तेही दोन हप्त्यांत, आणि दुसरा हप्ता बहुतेकदा मार्चच्या तोंडावर. मार्चमध्ये पैसे आले की मार्चमध्येच खर्च करून पावत्या जोडायच्या. मग तालुक्याला जाऊन मिळतील ती पुस्तकं उचलायची. गेल्या वर्षी मला हवी होती शेतीची आणि स्पर्धा परीक्षेची. दुकानात शिल्लक होत्या पाककृती आणि सुविचार. सुविचारांची अकरा पुस्तकं आहेत आमच्याकडे.

दोन कोटी भागिले अठ्ठेचाळीस हजार केलं मी कॅल्क्युलेटरवर. चारशे सोळा वाचनालयांचं एक वर्ष निघतं, वर थोडे उरतात.

नाव नको

ग्रंथपाल साहेब, राग मानू नका, पण वाचनालयांचं अनुदान वाढवा म्हणणाऱ्यांनी २०१२ ची पडताळणी आठवावी. महसूल खात्याची माणसं दारात गेली तर कुठे वाचनालय नाही, कुठे गोठा, कुठे सरपंचाच्या घरातलं कपाट. कागदावरची वाचनालयं होतीच ना? संमेलन निदान डोळ्यांना दिसतं.

ड वर्ग

होती. आमच्या पुढच्या गावातही होतं. पण त्या पडताळणीनंतर नवीन वाचनालयांना अनुदानच बंद झालं. गोठा बंद झाला हे चांगलंच. पण ज्या गावात पोरांनी खरोखर वाचनालय काढलं त्यांनाही दार बंद. आमच्या भागात एका गावात मुलींनी जुन्या चावडीत दोनशे पुस्तकं जमवली आहेत, रजिस्टर माझ्यापेक्षा नीट ठेवतात. त्यांना काय सांगू?

आणि संमेलन डोळ्यांना दिसतं हे खरं. आम्ही दिसत नाही कारण मी संध्याकाळी तीन तास उघडतो आणि त्या वेळात लोडशेडिंग. मोबाईलची बॅटरी लावून देवघेव लिहितो. काल एक आजी ज्ञानेश्वरी परत करायला आल्या, चौथ्यांदा नेतात तीच. म्हटलं, आजी, विकतच घ्या. म्हणाल्या, “मग इथं यायला निमित्त काय राहील?”

गाळा नंबर शेवटून दुसरा

ग्रंथपाल, शेतीची पुस्तकं माझ्याकडे आहेत. मार्चची वाट बघू नका, आत्ता घेऊन जा, पैसे हप्ता आल्यावर. आणि त्या चावडीतल्या मुलींना एक खोकं माझ्याकडून. व्यनि (व्यक्तिगत निरोप) केला आहे.

कराडकर

हे चांगलं झालं, पण धाग्याचा विषय बदलतोय. दोन कोटी संमेलनाचे काढून वाचनालयांना द्या असं सरकार कधीच करणार नाही. परत पाठवले तर ते दुसऱ्या कुठल्या तरी महोत्सवाच्या कमानीत जातील, ड वर्गात नाही. म्हणून मी म्हणतो घ्या, आणि संमेलनात ठराव करा.

मूठभर धान्य

ठराव! दर संमेलनात डझनभर होतात. पुढच्या वर्षी त्यातला एक तरी कुणाला आठवतो का?

हिशेबनीस

कराडकर, तुमचा शेवटचा मुद्दा मला झोंबला, कारण तो खरा आहे. मी परत पाठवण्याचं म्हणत होतो तेव्हा पैसे कुठे जातील याचा विचार केला नव्हता. तरी मन वळलेलं नाही. पुरस्कार रद्द झाला तेव्हा संमेलन भरवणाऱ्या साहित्य महामंडळाने सरकारला निदान एवढं तरी विचारायला हवं होतं की समिती का मोडली. दोन कोटींची पावती फाडताना ते विचारता येत नाही, हा माझा मुद्दा अजून उभा आहे.

वर्गणीचं मात्र आजपासून करतो. दोन हजार, संमेलनाला नाही, चावडीतल्या मुलींना. गाळेवाल्यांच्या खोक्यातच माझी भर घाला. आणि ग्रंथपाल, त्यात सुविचार नकोत.

ड वर्ग

नाही घालत. त्यांनी यादी पाठवली आहे, पहिलंच नाव ‘पोलीस भरती लेखी परीक्षा’. दुसरं विहिरीवरची मोटर दुरुस्त करण्याचं. असलं पुस्तक मराठीत आहे का कुणाला माहीत? असेल तर सांगा, उद्या सात वाजता त्या फोन करणार आहेत.