काल्पनिक प्रदेशातील ‘मुकी घळ’ भयावह वाटत नाही. तिचा नियम कसा ठरवावा?

गिरणाकाठ, जळगाव

नमस्कार. गेली दोन वर्षे मी एका काल्पनिक प्रदेशावर दीर्घकथा लिहीत आहे. त्या प्रदेशात काळ्या दगडाची एक सरळ भिंत माळरानावरून दिवसभराच्या वाटेइतकी लांब गेलेली आहे. ती कोणी बांधलेली नाही. तिच्या पायथ्याशी एक खोलगट जागा आहे, तिला लोक ‘मुकी घळ’ म्हणतात. तिच्यात उतरणाऱ्याच्या मनातून नावे पुसली जातात, आधी गावाचे, मग आईचे आणि शेवटी स्वतःचे. स्वतःचे नाव गेले की तो माणूस तिथेच बसून राहतो आणि तहानेने जीव जाईपर्यंत उठत नाही.

अडचण अशी आहे की, कथेच्या सोयीप्रमाणे मी या घळीला कोणाचा जीव घ्यायला लावला आणि कोणाला सहीसलामत जाऊ दिले. धाकट्या बहिणीने हस्तलिखित वाचून एकच प्रश्न विचारला, “गुराखी मेला आणि व्यापारी वाचला, तो कशामुळे?” मला उत्तर देता आले नाही. नियम लावला तर गूढ जाईल अशी भीती वाटते, आणि न लावला तर सारी लेखकाची मर्जी ठरते. आपण काय सुचवाल?

माळावरचा वाटसरू, धुळे

आपली काळी भिंत वाचताच मला आमचा मुलूख आठवला, कारण धुळे-नंदुरबार भागात अशा भिंती खरोखरच आहेत. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी दख्खनमध्ये लाव्ह्याचे थर साचले, त्या काळात जमिनीच्या भेगांमध्ये शिरलेला लाव्हा तिथेच थिजला. पुढे भोवतालचा खडक झिजून गेला आणि भेगेतला कठीण दगड उभा राहिला. भूशास्त्रात याला डाइक म्हणतात. काही ठिकाणी त्याचे दगड आडव्या ओंडक्यांसारखे एकावर एक रचलेले दिसतात, त्यामुळे ही भिंत कोणीतरी बांधली असावी असेच पाहणाऱ्याला वाटते.

पण तुमच्या उपयोगाची गोष्ट जमिनीखाली आहे. असा डाइक अखंड असला तर तो भूजल अडवून धरतो, आणि मग एका अंगाच्या विहिरीला पाणी असताना पलीकडच्या विहिरीत खडखडाट असू शकतो. तुमच्या प्रदेशात आठवण पाण्यासारखी जमिनीखालून वाहत असेल, तर भिंतीच्या वरच्या अंगाला ती तुंबेल आणि खालच्या अंगाची माती तिच्यासाठी तहानलेली राहील. मुकी घळ त्या कोरड्या अंगाला ठेवा. आत आलेल्या माणसात जेवढी ओल असेल, तेवढी ती जमीन शोषून घेईल.

काळी कसदार, चोपडा

वरील कल्पना मला फार आवडली, आणि तिच्यातूनच नियम निघतो. ओढ जमिनीची असेल तर ती जमिनीलगत सर्वांत जास्त असणार.

आमच्या जुन्या वाड्यात धान्य साठवायचे पेव, म्हणजे जमिनीखालचे खोल कोठार होते. ते उघडल्यावर आजोबा कोणालाही लगेच उतरू देत नसत. बराच वेळ थांबून ते दोरीला बांधलेला कंदील हळूहळू खाली सोडत. एकदा मी काठावर ओणवा होऊन पाहत होतो. ज्योत आधी बसकी झाली, मग वातीपुरती उरली आणि विझली. आजोबांनी मला मानगूट धरून मागे ओढले, पण ते एक शब्दही बोलले नाहीत. साठवलेल्या धान्यातून निघणारा कार्बन डायऑक्साइड हवेपेक्षा सुमारे दीडपट जड असल्याने तळाशी साचतो. १९८६ साली कॅमेरूनमधील न्योस सरोवरातून हाच वायू एकाएकी उसळून दऱ्यांमध्ये उतरला आणि सुमारे १,७०० माणसे दगावली.

तेव्हा उंटावर बसून घळ ओलांडणारा व्यापारी वाचेल, आणि बसलेली मेंढी उचलायला वाकलेला गुराखी मरेल. बहिणीच्या प्रश्नाचे उत्तर एवढेच आहे. आणखी एक सांगतो. जुन्या विहिरींतील दुर्घटनांत अनेकदा पहिला माणूस पडला की त्याला काढायला दुसरा उतरतो आणि त्याच्यामागे तिसरा जातो. तुमच्या घळीतही सर्वांत जास्त माणसे मायेपोटी मेलेली असावीत.

पाटाचे पाणी, साक्री

नियमाविषयी दुमत नाही, मात्र तो पात्रांच्या तोंडून वदवू नका. आमच्याकडे विहिरीच्या काठी साती आसरांचे, म्हणजे जलदेवतांचे, शेंदूर लावलेले दगड असतात. भरदुपारी तिथे एकट्याने जाऊ नये, एवढेच लहानपणी आम्हाला सांगितले होते, आणि त्या वयात तेवढे पुरत होते. नियम लेखकाला पुरता ठाऊक असावा. गावाला केवळ त्याचे आचरण ठाऊक असावे.

ते आचरण तुमच्या कथेत मला दिसत नाही. पांझरा नदीच्या काठी बंधाऱ्याचे पाणी वाटून घेण्यासाठी फड पद्धतीत पाणी देणारे पाटकरी आणि राखण करणारे जागले नेमले जात, आणि ही व्यवस्था शेकडो वर्षे टिकली. पाण्यासाठी माणसे एवढे करतात, तर माणसे गिळणाऱ्या घळीच्या काठी गावाने कोणालाच बसवले नसेल हे पटत नाही. उतरणाऱ्याच्या कमरेला दोर बांधायचा, वरून त्याला सतत नावे विचारत राहायचे आणि उत्तर अडखळले की दोर ओढायचा, असे काम एखाद्या घराकडे पिढ्यान्‌पिढ्या असेल.

गिरणाकाठ, जळगाव

आपणा सर्वांचा मनापासून आभारी आहे. काल रात्री मी गुराख्याचा प्रसंग पुन्हा लिहायला घेतला. काठावर बसणाऱ्याला मी ‘हाळकरी’ म्हणणार आहे, आणि या वेळी ते काम एका बाईकडे आहे. तिचाच सात वर्षांचा मुलगा करडामागे घळीत उतरतो. ती गावाचे नाव विचारते, तो सांगतो. ती आईचे नाव विचारते, आणि खालून काहीच उत्तर येत नाही. ती दोर ओढते, पण मुलगा करडाला मिठी मारून जमिनीला चिकटलेला आहे आणि वरून हाका मारणारी बाई कोण हे त्याला उमगत नाही. हा प्रसंग आईच्या बाजूने लिहावा की काठावर जमलेल्या गावाच्या?

काळी कसदार, चोपडा

आईच्या. गावाला तिथून फक्त ताणलेला दोर दिसेल.