साखर गुऱ्हाळात तयार होत नाही
काही जण म्हणतात की संश्लेषण, म्हणजे रेणू जोडून पदार्थ घडवणं, निसर्गातलं तेवढं खरं, प्रयोगशाळेतलं नकली. मला पटत नाही.

आमच्या कोल्हापूरकडचं गुऱ्हाळ घ्या. काहिलीत रस आटतो, मळी निघते, गूळ होतो. पण साखर तिथे बनत नाही. उसाच्या पानाने ती हवेतला कार्बन डायऑक्साइड, पाणी आणि उन्हाच्या बळावर आधीच बांधलेली असते, मग ती कांड्यांत साठते. साध्या रेणूंपासून मोठा रेणू बांधणं, हेच संश्लेषण.

आता इन्सुलिन, म्हणजे रक्तातली साखर आटोक्यात ठेवणारं प्रथिन. १९७८ साली त्याचे जनुक, म्हणजे ते कसं बांधायचं हे सांगणारे डीएनएचे तुकडे, शास्त्रज्ञांनी रसायनांपासून घडवले आणि जिवाणूत घातले. पण इन्सुलिनमधली ५१ अमिनो आम्लं (प्रथिनांचे मणीच म्हणा) दोन साखळ्यांत ओवली ती ई. कोलाय या जिवाणूच्या रायबोसोमांनीच, म्हणजे पेशीतल्या प्रथिनं बनवणाऱ्या यंत्रांनीच, एरवी ते स्वतःची प्रथिनं ओवतात तशीच. आईला मी रोज जिवाणू किंवा यीस्टकडून बनवून घेतलेलं इन्सुलिन टोचतो. त्याला नकली म्हणायला माझी जीभ रेटत नाही.