तक्रार केली, आता दोन महिने थांबा?

कोरी पाटी:
शेजारची मुलगी दिवाळीच्या आधी एका बॅगेनिशी माहेरी आली. दागिने सासूच्या लॉकरमध्ये, डिग्रीची सर्टिफिकेटं सासरच्या कपाटात. तिच्यामुळे ४९८अ, म्हणजे नवरा आणि सासरच्यांकडून होणाऱ्या छळाचं कलम (आता न्याय संहितेचं कलम ८५), वाचत बसले. अलाहाबाद उच्च न्यायालयाने २०२२ मध्ये सांगितलं होतं की गुन्हा नोंदवल्यावर दोन महिने अटक नको, पोलिसी कारवाई नको, प्रकरण आधी दोन्ही बाजूंना बोलावून वाद मिटवायला बघणाऱ्या कुटुंब कल्याण समितीकडे द्या. जुलै २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे उचलून धरलं. गंमत म्हणजे अशाच समित्या २०१७ मध्ये आल्या होत्या आणि २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्याच तीन न्यायमूर्तींनी त्या कायद्याला धरून नाहीत म्हणून काढून टाकल्या होत्या. आता दोघांच्या पीठाने त्या परत आणल्या! दोन महिन्यांत मेसेज पुसले जातात, लॉकर रिकामा होतो. त्याचं काय?

आडवळण:
अजिबात सहमत नाही. एफआयआरमध्ये माझं नाव होतं. भाऊ पुण्यात, मी नागपुरात. त्याच्या लग्नानंतर मी त्यांच्याकडे तीनदा गेले असेन. माझ्याबद्दल एकच वाक्य: 'नणंद फोनवरून कान भरत असे.' कधी, काय बोलले, कशाची मागणी केली, काही नाही. तेवढ्यावर चार वर्षं तारखा. गुन्हा तिच्या माहेरच्या गावी दाखल, म्हणजे दरवेळी रात्रीची बस. शेवटी उच्च न्यायालयाने माझ्यापुरता रद्द केला. समिती असती तर माझं नाव पहिल्या बैठकीतच गळलं असतं.

जुनी वही:
दोघींचंही खरं आहे, पण गल्लत होतेय. अटकेचा प्रश्न २०१४ च्या अर्नेश कुमार निकालानेच बराचसा सुटलाय. शिक्षा जास्तीत जास्त तीन वर्षं, म्हणून पोलिसांनी आधी नोटीस द्यायची, अटक केलीच तर कारण लिहायचं. आडवळण, तुमच्यासारख्यांसाठीही २०२२ चा कहकशां कौसर निकाल आहेच: मोघम आरोपांवर सासरच्या नातेवाइकांना खटल्यात ओढायचं नाही. मग दोन महिन्यांत नवीन काय थांबतं? बराचसा तपास. वैद्यकीय अहवाल, साक्षीदारांचे जबाब एवढंच चालू राहतं. आणि आपल्याकडे एफआयआरच्या आधीच पोलिसांच्या महिला सहाय्य कक्षात समुपदेशनाच्या तारखा होतात. नवरा पहिल्या तारखेला येत नाही, दुसरीला वेळ मागतो. म्हणजे ती आधी तिथे थांबणार, मग पुन्हा इथे. (माहेरच्या गावी तक्रारीची मुभा २०१९ च्या निकालाने दिली. तुमची बस त्यातली. पण अंगावरच्या कपड्यांनिशी आलेल्या बाईने दुसरीकडे कुठे जायचं?)

दुपारचा चहा:
सगळं पैशासाठी चालतं. रक्कम ठरली की केस मागे.

जुनी वही:
मागे घेता येत नाही, हीच तर गोम आहे. गुन्हा तडजोडीचा नाही. समझोता झाला तरी उच्च न्यायालयात जाऊन रद्द करून घ्यावा लागतो. आणि ती 'रक्कम' बऱ्याचदा तिचंच स्त्रीधन असतं, यादी करून परत मागितलेलं.

दुपारचा चहा:
यादीत न घातलेले दागिनेही असतात, साहेब.

जुनी वही:
असतात. म्हणूनच म्हणतोय, तपास लवकर करा. सोनाराची पावती, लॉकरची नोंद, फोन. खोटं असेल तर तेही तिथेच उघडं पडेल. समितीच्या खोलीत नाही.

आडवळण:
तपास लवकर झाला असता तर मलाही चालला असता, हे मान्य. माझं म्हणणं घ्यायला कोणी आलंच नाही. थेट आरोपपत्र. पण लवकर तपास करणार कोण? तोवर गाळणी म्हणून समिती मला नकोशी नाही.
कोरी पाटी, त्या मुलीची सर्टिफिकेटं मिळाली का?

कोरी पाटी:
नाही. घरगुती हिंसाचाराच्या कायद्याखाली अर्ज केलाय. त्यात साठ दिवसांत निकाली काढायचा प्रयत्न करावा असं लिहिलंय. परवा चौथी तारीख झाली, समोरच्या वकिलांनी मुदत मागितली. तिचा एक इंटरव्ह्यू होता, मूळ कागद दाखवायचे होते. गेलीच नाही.