मदत हवी आहे : नेपाळच्या डोंगरी जिल्ह्यांतील स्थलांतराची आकडेवारी

नेपाळच्या मध्य पहाडी पट्ट्यातील ओसाड पडणाऱ्या शेतीवर मी मराठीत एक दीर्घ लेख लिहीत आहे. २०२१ च्या जनगणनेनुसार देशाची सुमारे ५४ टक्के लोकसंख्या तराईत, म्हणजे दक्षिणेकडील सपाट पट्ट्यात, राहते, जरी तराईचे क्षेत्रफळ जेमतेम २३ टक्के असले तरी; उलट रामेछाप, खोटांग, भोजपूर या जिल्ह्यांची लोकसंख्या २०११ पेक्षा घटली आहे. रामेछापमध्ये मी स्वतः पाहिलेल्या एका उतारावर बांध ढासळलेले होते, पायऱ्यांच्या खाचरांत भाताऐवजी झुडपे माजली होती आणि शेजारच्या घराला कुलूप होते. ते दृश्य अजून मनातून जात नाही.

जनगणनेचा मुख्य अहवाल आणि जिल्हावार तक्ते मी पाहिले आहेत. परदेशी गेलेल्यांची नोंद 'अनुपस्थित' म्हणून वेगळी होते, परंतु तराईत किंवा काठमांडू खोऱ्यात कायमचे उतरलेले लोक मूळ गावाच्या हिशेबात कुठे दिसतात, हे मला उमगलेले नाही. नेपाळी भाषेतील तक्ते मला वाचता येतात, त्यामुळे इंग्रजीचीच अट नाही. मात्र जिल्ह्याची सरासरी माझ्या उपयोगाची नाही.

या तीन जिल्ह्यांतून आखाती देशांत गेलेले आणि देशांतर्गत स्थलांतरित झालेले, असे दोन्ही आकडे गावपालिका किंवा वॉर्ड पातळीवर स्वतंत्रपणे कुठे मिळतील?