पोलीस चौकी आणि दिवाणी वाद : तुमचे अनुभव लिहा

भाड्याचं घर, उसने पैसे, बांध, सोसायटी. वाद पेटला की पुण्यात पहिली धाव चौकीकडेच असते. पोलिसांनी तिथे काय केलं, काय करायला हवं होतं, ते लिहा. ठाण्याचं आणि माणसांचं नाव नको.

पेठेतली_सून
सदाशिव पेठेतल्या वाड्यात सासरे जुने भाडेकरू. वाडा बिल्डरकडे द्यायचा म्हणून मालकाने पाणी तोडलं. आम्ही तक्रार करणार, तोच चौकीतून आम्हालाच फोन. "आजोबांना घेऊन या, मिटवून टाकू." मिटवणं म्हणजे मालक देईल ती रक्कम घेऊन खोली सोडणं! सासरे पंचाहत्तरीचे, रात्रभर जागे. मी विचारलं, साहेब, गुन्हा कुठला नोंदलाय? लेखी नोटीस द्या. ती कधीच आली नाही. खऱ्या तपासातही 60 वर्षांवरच्या पुरुषाला साक्षीदार म्हणून ठाण्यात यायला भाग पाडता येत नाही (भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, म्हणजे पोलीस तपासाचा कायदा, कलम 179). इथे तर तपासच नव्हता. पाण्यासाठी महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा, 1999 च्या कलम 29 खाली लघुवाद न्यायालयात अर्ज केला. न्यायाधीशांनी जोडणी परत द्यायला लावली. खोली कुणाची राहणार ते कोर्टच ठरवेल, चौकी नाही.

वाकडचा_मालक
माझी बाजू उलटी. लिव्ह अँड लायसन्सची मुदत संपली, तरी भाड्याने राहणारा मुलगा निघेना. ठाण्यात सांगितलं, "बाहेर काढणं आमचं काम नाही." राग आला, पण बरोबर होतं ते. त्याच भाडे नियंत्रण कायद्याच्या कलम 24 खाली सक्षम प्राधिकाऱ्याकडे अर्ज केला. मुदतीनंतरच्या काळासाठी दुप्पट शुल्क मागता येतं.

मुळशीकर
आमच्याकडे वहिवाटीचा रस्ता अडवला होता. त्यासाठी तहसीलदार आहेत, मामलेदार न्यायालय अधिनियम, 1906 आहे. पण सहा महिन्यांच्या आत जावं लागतं. रस्ता पोलिसांनी मोकळा करावा असं आमचं म्हणणंच नव्हतं. त्या भांडणात भावाचा हात मोडला, तेवढं तरी लिहून घ्या म्हणत होतो. "शेताचा वाद आहे, कोर्टात जा." अहो, बांध दिवाणी असेल, मोडलेलं हाड कसं दिवाणी? दखलपात्र गुन्ह्याची (ज्याचा तपास पोलीस कोर्टाला न विचारता करू शकतात) माहिती मिळाली की एफआयआर नोंदवलाच पाहिजे, हे ललिता कुमारी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 2013 मध्ये सांगितलंय. एक्स-रे जोडून पोलीस अधीक्षकांना टपालाने अर्ज धाडला, मग गुन्हा दाखल झाला. हा टोलवण्याचा प्रकार मला दमदाटीइतकाच वाईट वाटतो.

निवृत्त_हवालदार
दोन्ही खरं आहे. वरून फोन येतो, "जरा बोलावून घ्या त्याला." ठाणे अंमलदाराने नाही कसं म्हणायचं? मी अदखलपात्र नोंद करून अर्जदाराला समजपत्र, म्हणजे कोर्टात दाद मागा अशी लेखी समज, द्यायचो, कोर्टाचा रस्ता दाखवायचो. वसुली मात्र कधी केली नाही. उसने पैसे काढून देणारा पोलीस उद्या कुणाच्याही दारात उभा राहील.

हडपसर_दुकानदार
चेक परत आला असेल तर चौकीत वेळ घालवू नका. बँकेने कळवल्यापासून 30 दिवसांत लेखी नोटीस जायला हवी, समोरच्याला पैसे द्यायला 15 दिवस, त्यानंतर महिन्याच्या आत न्यायदंडाधिकाऱ्यांकडे तक्रार. आमच्या गल्लीतल्या एकाची मुदत "साहेब बघतो म्हणालेत" यातच गेली.