कथेतल्या जादूच्या घटिकापात्राला नियम काय लावू? मदत करा

पंचवटीचा_पेन:
मंडळी, आमच्या ग्रुपच्या दिवाळी अंकासाठी (पीडीएफच असतो, फार काही नाही) एक फँटसी कथा लिहितोय आणि मधेच फसलोय. नाशिकच्या भांडी बाजारातल्या एका दुकानात मोडीत एक जुनं तांब्याचं घटिकापात्र येतं. म्हणजे तळाला बारीक भोक असलेली वाटी, घंगाळात पाण्यावर सोडायची, भोकातून पाणी आत चढतं आणि भरून बुडाली की एक घटिका झाली, २४ मिनिटं, दिवसाच्या अशा ६०. माझ्या कथेत वाटी तरंगतेय तोवर सगळं जग थांबतं, फक्त ज्याने सोडली तोच हलू शकतो. हिरो म्हणजे दुकानातला पोऱ्या.

आता लोचा असा की एकदा वाटी हातात आली की तो ती उठसूट वापरणार ना, परीक्षेत, मारामारीत, कुठेही. पाचव्या पानावर माझाच इंटरेस्ट गेला राव. काहीतरी किंमत लावायला पाहिजे पण "वापरणाऱ्याचं केस पांढरे होतात" टाईप नको, लई झालंय ते.

द्वारकेला_अडकलेला:
२४ मिनिटं? द्वारका सर्कलला एवढ्यात आमची गाडी इंचभर सरकत नाही, तुझी वाटी रोजच चालू असते तिथे.

जोक जाऊदे, एक शंका. जग थांबलं तर पाणीपण थांबलं ना? मग ते भोकातून आत येणार कसं? वाटी बुडणारच नाही आणि पोऱ्या कायमचा अडकला.

पंचवटीचा_पेन:
आयला. हे डोक्यातच आलं नव्हतं. मग असं करतो, ज्या पाण्यात वाटी सोडलीय तेवढं पाणी चालू राहतं, बाकी सगळं बंद.

तांबट_लेनची_सून:
दादा, तुम्ही वेगळी किंमत कशाला शोधताय, वाटीच पुरेशी कटकटीची आहे की. पाणी संथ लागतं, जरा धक्का लागून कललं की भस्सकन बुडतं, आणि भरलेलं घंगाळ उचलून परीक्षेच्या हॉलमध्ये कोण नेणार? मारामारीत तर विचारूच नका, आधी दोन कळश्या पाणी आणा मग वाटी सोडा, तोवर समोरच्याने दोन ठेवून दिलेल्या असतात 😂 तुमच्या पोऱ्याला ती फक्त दुकानातच वापरता येईल, मागच्या खोलीत. मला तर ते जास्त आवडेल वाचायला.

आणि प्लीज ती वाटी चकचकीत दाखवू नका, मोडीतलं तांबं काळंमिट्ट असतं, चिंच लावून घासेपर्यंत कळतसुद्धा नाही काय आहे ते.

जुना_नाशिककर:
आमच्या लहानपणी लग्नात गुरुजी घटिका ठेवायचे, आम्हा पोरांना जवळ फिरकू द्यायचे नाहीत. त्याचं कारण म्हणून आजी लीलावतीची गोष्ट सांगायची. भास्कराचार्यांनी मुलीच्या लग्नाचा मुहूर्त काढून घटिका ठेवली, ती वाकून बघायला गेली आणि अंगावरच्या दागिन्यातला मोती त्यात पडून भोक बुजलं, वाटी बुडालीच नाही, मुहूर्त टळला. आता ही गोष्ट ११५० च्या मूळ लीलावती ग्रंथात नाही बरं का, अकबराच्या दरबारातल्या फैजीने १५८७ मध्ये फारसी भाषांतर केलं त्यात येते. पण तुम्हाला कथेसाठी काय हरकत आहे. आणि आचार्य काही फार लांबचे नाहीत, त्यांच्या नातवाने, चांगदेवाने, चाळीसगावजवळ पाटण्याला त्यांच्या ग्रंथांच्या अभ्यासासाठी मठ काढला होता, शिलालेख आहे तिथे.

सांगायचा मुद्दा, भोक बुजलं तर काय, हा विचार करा.

गोदाकाठी:
काकांनी भारी धागा दिला. आता माझं ऐका. भांडी बाजार म्हणजे गोदेच्या कुशीतच. गंगापूर धरणातून पाणी सोडलं की आपण नदीपात्रातल्या दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीला कुठवर लागलं ते बघतो, गुडघा, कंबर, मग गळा, आणि २०१९ च्या ऑगस्टसारखं पाणी आलं की दुकानातला माल वर चढवायची पळापळ. तशा रात्री दुकानात पाणी शिरतं आणि ही वाटी फळीवरून आपली आपण पाण्यात पडते, सरळ. जग थांबतं. पण तुझाच नियम आहे ना, वाटी ज्या पाण्यात आहे ते चालू राहतं. म्हणजे अख्खी गोदावरी चालूच! माणसं जिथल्या तिथे पुतळ्यासारखी उभी आणि पाणी चढतंय. आणि पुराचं पाणी म्हणजे गाळ, भोक बुजलं.

द्वारकेला_अडकलेला:
बाप रे. काटा आला.

पंचवटीचा_पेन:
मी दोन मिनिटं नुसता बसून होतो हे वाचून. पण वाटी तर कोणीच सोडली नाही, मग हलू कोण शकतं? समजा ती पडताना पोऱ्या झेलायला गेला आणि त्याचं बोट लागलं, तर तो. आता त्या गढूळ पाण्यात, अंधारात तरंगणारी वाटी शोधायची. पण सापडल्यावर हाताने दाबून बुडवली तर चालेल का? सोपं नाही होत?

जुना_नाशिककर:
दाबा की. पण ६० पळांची एक घटिका, त्यातली जेवढी पळं उरली असतील ती कोणाच्या तरी नावावर पडणार. "त्याची घटका भरली" आपण उगाच म्हणतो का? कोणाच्या नावावर, ते पोऱ्यालाच ठरवू द्या.

तांबट_लेनची_सून:
दुकानाचा मालक तिजोरीपाशी थिजलेला असतो आणि याचा तीन महिन्यांचा पगार थकलेला असतो 👀

पंचवटीचा_पेन:
ताई 🙏🙏 पहिल्या पानापासून परत लिहायला बसतोय. मजकूर रविवारी द्यायचाय, कोणाकडे एखादी वाटी पडून असेल तर कळवा.