चादरीच्या दोन बाजू आणि अनेकान्तवाद

प्रश्न (साखर पेठ, सोलापूर): माझ्या कथेतील विणकरांचा काल्पनिक पंथ म्हणतो की, चादरीच्या सुलट बाजूला लाल जमिनीवर पांढरा मोर आणि उलट बाजूला पांढऱ्यावर लाल मोर दिसतो, तशी सत्येही अनेक असतात. हा जैनांचा अनेकान्तवादच झाला का?

उत्तर (अशोक चौक): नाही. अनेकान्तवादात वस्तू एकच, पण अनंतधर्मात्मक, म्हणजे अनंत गुणधर्म असलेली, असते. म्हणून स्याद्वाद, म्हणजे जैनांची सापेक्ष विधानाची पद्धत, प्रत्येक विधानाला ‘स्यात्’, म्हणजे ‘एका अपेक्षेने’, जोडून सात भंग (विधानाचे प्रकार) मांडते. (‘स्यात्’चा अर्थ ‘कदाचित’ असा करणे चुकीचे आहे.) आपल्या पंथाची चादर एक की दोन, हे आधी ठरवावे.

उत्तर (जोडभावी पेठ): एकाच वस्तूत विरुद्ध धर्म संभवत नाहीत, हा शंकराचार्यांचा ब्रह्मसूत्रभाष्यातील (२.२.३३) आक्षेप कथेत अवश्य आणावा. विणकराचे उत्तर सोपे आहे: एकाच बाजूने पाहता मोर लाल आणि पांढरा दोन्ही दिसत नाही.